सात नॉर्वेचा, बारा रशियाचा

राजुऱ्याकडे आमच्या शेताच्या धुऱ्याला लागून सहा गुंठ्यांची एक चिंचोळी पट्टी आहे. काका तिथे दरवर्षी तूर टाकतात. जमीन मुरमाड, नाल्याकाठची. अर्धी तूर रानडुकरं खातात, उरलेली शेंग भरायच्या आत वाळते. बियाण्याचे पैसे निघाले तर नशीब. लहानपणी मी एकदा विचारलं होतं, मग टाकता कशाला? काका म्हणाले, "तुरीसाठी थोडीच टाकतो पोरी. पेरा सुटला का पट्टी गेली." चुलत घराशी त्या पट्टीवरून भांडण माझ्या जन्माच्या आधीपासून चालू आहे. सातबाऱ्यातल्या सातवर नाव त्यांचं, बारात पेरा आमचा. दर हंगामात तलाठ्याकडे जाऊन पेऱ्याची नोंद झाली की नाही हे बघणं, हे आमच्या घरातलं सणासारखं पाळलेलं काम.

ही तूर मला पुन्हा आठवली ती थेट ७८ अंश उत्तरेला, जिथे गुडघ्याएवढं झाडसुद्धा उगवत नाही.

नोकरीनिमित्त मी तीन वर्षं ऑस्लोत होते. २०१९ च्या जुलैत चार दिवसांची सुट्टी काढून स्वालबार्डला, उत्तर ध्रुवाजवळच्या नॉर्वेच्या बेटांवर, जायचं ठरवलं, तेव्हा ऑफिसातल्यांना वाटलं मला पांढरी अस्वलं बघायची आहेत. अस्वलाचं मला काही नव्हतं. बाबांना फोनवर सांगितलं की तिकडे एक रशियन कोळसा खाण आहे, बोटीने जाता येतं, तर ते म्हणाले, "अस्वल त ताडोब्यातबी हाय. कॉलरी पाहून ये." बाबांनी बल्लारपूरच्या कॉलरीत एकतीस वर्षं काढली, सगळी जमिनीखाली. आम्ही कॉलनीतच वाढलो. तीन पाळ्यांचे तीन भोंगे हेच आमचं घड्याळ. आईने गच्चीवर पापड घातले की संध्याकाळी त्यावर काळी तीट उमटलेली असायची.

स्वालबार्डची मुख्य वस्ती लाँगइयरब्येन. नाव एका अमेरिकन भांडवलदाराचं, जॉन मनरो लाँगइयर याचं. १९०६ मध्ये त्याच्या कंपनीने इथे कोळसा काढायला सुरुवात केली. तिथून बॅरेंट्सबर्ग, म्हणजे ती रशियन खाणीची वस्ती, साधारण साठ किलोमीटर. पण मध्ये रस्ता नाही. उन्हाळ्यात बोट, हिवाळ्यात स्नोमोबाइल, नाहीतर हेलिकॉप्टर. वस्तीबाहेर पाऊल टाकायचं तर सोबत बंदूक लागते, अस्वलांसाठी. आमची बोट तीनेक तास चालली. सूर्य मावळतच नव्हता, एप्रिलच्या विशीपासून ऑगस्टच्या विशीपर्यंत तो मावळतच नाही. घड्याळात किती वाजले याला काही अर्थ उरत नाही, आणि एका मर्यादेनंतर याचा चक्क राग येतो.

ग्रोनफ्योर्डच्या खाडीत बोट वळली आणि आधी दिसला तो धूर. तिथली वीज आणि ऊब त्यांच्याच कोळशावर चालते; विजेच्या कारखान्याच्या धुराड्यातून काळा पट्टा निघून डोंगरावर आडवा पसरला होता. बोटीवरच्या दोघा जर्मन बायकांनी नाकाला रुमाल लावले. मी मात्र खोल श्वास घेतला. पर्यावरणाच्या दृष्टीने ही लाजिरवाणी गोष्ट आहे हे मला कळतं. पण कॉलनीत संध्याकाळी सिगड्या पेटल्यावर जो वास सुटायचा तोच हा वास होता, आणि मी तो दहा-बारा वर्षांनी घेत होते.

धक्क्यावरून वस्तीत जायला लाकडी जिना आहे, दोनशेच्या वर पायऱ्या. वर पोचलं की लेनिनचा अर्धपुतळा. मागे किरिल अक्षरांत 'आमचं ध्येय साम्यवाद' अशी पाटी. जिथे ते ध्येय ठरलं तो देशच १९९१ मध्ये संपला, पाटी राहिली. समोरच्या डोंगरउतारावर मोठ्या अक्षरांत 'जगाला शांती'. चौकोनी विटांच्या इमारती, शाळा, तरणतलाव, सांस्कृतिक भवन आणि रशियाचा वाणिज्य दूतावास, जगातला सगळ्यात उत्तरेकडचा. साडेचारशेच्या आसपास माणसांच्या वस्तीला दूतावास! आमच्या कॉलनीत चार हजार लोक होते आणि पोस्टमन एक दिवसाआड यायचा.

बर्फाच्या डोंगरात रशियाची अख्खी वस्ती आहे, पण जमीन नॉर्वेची. पोलीस नॉर्वेचे, कायदा नॉर्वेचा, गव्हर्नर नॉर्वेचा. हे कसं, तर त्यासाठी ९ फेब्रुवारी १९२० ला पॅरिसमध्ये झालेला एक करार बघावा लागतो. त्याआधी हे बेट कोणाचंच नव्हतं. विलेम बॅरेंट्स या डच दर्यावर्दीला ते १५९६ मध्ये दिसलं, मग तिथे देवमासे मारणारे आले, रशियाचे पोमोर शिकारी आले, शेवटी कोळसेवाले आले. पॅरिसच्या कराराने सार्वभौमत्व नॉर्वेला दिलं, पण अट घातली की करारावर सही करणाऱ्या प्रत्येक देशाच्या नागरिकाला तिथे खाण काढायचा, मासे धरायचा, धंदा करायचा सारखा हक्क राहील. नॉर्वेने तिथे जमा केलेला कर तिथेच खर्च करायचा. नाविक तळ बांधायचे नाहीत, किल्ले बांधायचे नाहीत. करार १९२५ मध्ये अमलात आला. म्हणजे सात नॉर्वेच्या नावावर, आणि बाराचा रकाना सगळ्यांसाठी मोकळा. असा सातबारा आमच्या तलाठ्याने पाहिला असता तर तो रजेवर गेला असता.

गंमत म्हणजे त्या मोकळ्या रकान्यात आपलंही नाव आहे. १९२० च्या त्या कागदावर हिंदुस्थानच्या वतीने सही आहे, अर्थात ती केली ब्रिटनच्या पॅरिसमधल्या राजदूताने, लॉर्ड डर्बीने. तेव्हा कायद्याच्या हिशेबाने मी, बल्लारपूरची, तिथे उद्या खाण काढू शकते. फक्त तिथे पोचायला ऑस्लोमार्गे जावं लागतं आणि ऑस्लोला शेंगेन व्हिसा लागतो. हक्क आहे, पांदण नाही. शेतकऱ्याच्या घरात जन्मलेल्या कोणालाही यात नवीन काही वाटू नये.

बाराच्या रकान्यात खरोखर पेरा केला तो मुख्यतः रशियाने. बॅरेंट्सबर्गची खाण मुळात डचांची. १९३२ मध्ये ती आर्क्तिकउगोल या सोव्हिएत सरकारी कंपनीने विकत घेतली, आणि आजही ती त्याच कंपनीकडे आहे. मधल्या काळात काय काय झालं! १९४१ मध्ये मित्रराष्ट्रांच्या फौजेने सगळ्या माणसांना जहाजात घालून हलवलं आणि कोळशाचे साठे पेटवून दिले, जर्मनांच्या हाती पडू नयेत म्हणून. १९४३ मध्ये टिर्पिट्झ आणि शार्नहोर्स्ट या जर्मन युद्धनौकांनी येऊन तोफा डागल्या. १९४४ मध्ये, नॉर्वे अजून जर्मनांच्या टाचेखाली असताना, सोव्हिएत परराष्ट्रमंत्री मोलोतोवने नॉर्वेच्या परराष्ट्रमंत्र्याला सांगितलं की हा करार फेकून द्या, बेटं आपण दोघं मिळून सांभाळू, आणि दक्षिणेकडचं अस्वलबेट आम्हाला द्या. ते झालं नाही. पण युद्धानंतर रशियन परत आले, घरं पुन्हा बांधली, खाण पुन्हा चालू केली. सोव्हिएत काळात तर या द्वीपसमूहावर नॉर्वेच्या माणसांपेक्षा सोव्हिएत माणसं जास्त होती.

आणि हे सगळं कशासाठी? माझ्या भेटीच्या काळात बॅरेंट्सबर्गचं वर्षाचं उत्पादन होतं सुमारे १ लाख २० हजार टन. त्यातला काही हिस्सा त्यांच्याच धुराड्यात जायचा. हा आकडा मी त्या रात्री हॉटेलातून बाबांना सांगितला. फोनवर थोडा वेळ काही आवाजच आला नाही.

"दिवसाचं सांगून रायली का वर्षाचं?"

"वर्षाचं."

बाबांची शंका रास्त होती. विदर्भातल्या आणि आसपासच्या आपल्या कोळशाच्या पट्ट्यातून वर्षाला ६ कोटी टनांहून जास्त कोळसा निघतो. भागाकार केला तर बॅरेंट्सबर्गची वर्षभराची कमाई म्हणजे आपल्याकडचा एक दिवससुद्धा नाही. "येवढ्याशा कोळशासाठी माणसं एवढ्या थंडीत कायले ठेवले?" मी म्हटलं, जागा धरून ठेवायला. मग ते हसले. "मंग थे तुझ्या काकाची तूर होय."

ही उपमा माझी नाही हे कबूल करून टाकलेलं बरं.

मात्र यात एकट्या रशियाला हसायचं कारण नाही. लाँगइयरब्येनमध्ये नॉर्वेच्या सरकारी कंपनीनेही वर्षानुवर्षं सरकारी पैशाच्या आधाराने कोळसा काढला. उत्तरेला नी-ऑलेसुंद म्हणून वस्ती आहे, तीही मूळची नॉर्वेची कोळसा खाण. ५ नोव्हेंबर १९६२ ला तिथे स्फोट होऊन २१ कामगार मेले. चौकशीत सरकारवर एवढे ताशेरे आले की पुढच्या वर्षी पंतप्रधान गेरहार्डसनचं सरकार अविश्वास ठरावात पडलं. खाणीत माणसं मेली म्हणून देशाचं सरकार पडलं, हे वाचलं तेव्हा मी ते वाक्य पुन्हा वाचलं. खाण बंद झाली, पण गाव रिकामं कसं सोडणार? तिथे जगभरची संशोधन केंद्रं बोलावली. त्यात आपलं 'हिमाद्री' आहे, २००८ पासून. त्याचा कारभार गोव्यातून चालतो, वास्कोच्या ध्रुवीय संशोधन केंद्रातून. २०२३ च्या डिसेंबरपासून आपली माणसं ध्रुवीय रात्रीतही तिथे राहू लागली. विज्ञान खरंच होतं तिथे, समुद्राची, बर्फाची मोजमापं होतात, मोसमी पावसाशी त्याचा संबंध शोधतात. पण पेऱ्याची नोंदही होते. माझ्या मनात हे आलं आणि मग ते तिथून हलेना.

बॅरेंट्सबर्गला परत येते. दुपारी जेवणानंतर, बोर्श्ट आणि काळा पाव, मी आठवणवस्तूंच्या दुकानात शिरले. मागे बसलेली बाई पन्नाशीची, केस मेंदीसारख्या लाल रंगाने रंगवलेले. तिचं इंग्रजी दहा शब्दांचं, माझं रशियन दोन. मी फोनमधला बाबांचा फोटो दाखवला, निवृत्तीच्या दिवशीचा, डोक्यावर हेल्मेट आणि पुढे दिवा. तिने फोटो दोन बोटांनी मोठा केला, थेट डोळ्यांवर आणला, आणि स्वतःच्या पापणीच्या कडेवरून बोट फिरवलं. मला लगेच कळलं. खाणीत उतरणाऱ्या माणसाच्या पापण्यांच्या मुळाशी कोळशाची भुकटी बसते, कितीही साबण लावा, ती जात नाही. काजळ घातल्यासारखं दिसतं. लग्नाच्या फोटोतही बाबांचे डोळे काजळ घातलेले आहेत आणि आम्ही लहानपणी त्यावरून त्यांना चिडवायचो. ती बाई स्वतःकडे बोट दाखवून म्हणाली, "पापा. मुझ." बाप आणि नवरा. मग म्हणाली, "लुहान्स्क."

इथले बरेच कामगार सोव्हिएत काळापासूनच दोनबासचे, म्हणजे दोनेत्स्क-लुहान्स्कच्या कोळसा पट्ट्यातले. युक्रेनमधले. दोन-तीन वर्षांच्या करारावर यायचं, पैसे साठवायचे आणि परत जायचं. २०१४ पासून तिकडे लढाई सुरू झाली तेव्हा परत कुठे जायचं हाच प्रश्न झाला. तिने ते काही सांगितलं नाही, मी विचारलं नाही. तिने मला एक कोळशाचा तुकडा दिला, वार्निश लावलेला, वर छोटं अस्वल चिकटवलेलं. पैसे घेतले, पण निम्मे.

दुकानाजवळच एक लहानशी लाकडी प्रार्थनाघुमटी आहे. २९ ऑगस्ट १९९६ ला मॉस्कोहून इकडे कामगार आणि त्यांच्या घरच्यांना घेऊन येणारं विमान लाँगइयरब्येनजवळच्या डोंगरावर आदळलं. १४१ माणसं, कोणी वाचलं नाही. त्यानंतर वर्षभरातच, सप्टेंबर १९९७ मध्ये, खाणीतल्या स्फोटात २३ कामगार गेले. १९९८ मध्ये पिरामिडेन नावाची त्यांची दुसरी वस्ती बंदच केली. तीन वर्षांत एवढं सगळं, एवढ्याशा समाजात. मी आत जाऊन मेणबत्ती लावली. आमच्या कॉलनीत अपघात झाला की बायका घरी थांबायच्या नाहीत, सरळ लॅम्प रूमपाशी जाऊन उभ्या राहायच्या. खाली उतरताना प्रत्येकाला आपल्या नंबरचा दिवा मिळतो, वर आल्यावर तो परत टांगायचा. रॅकवर ज्या नंबरची खुंटी रिकामी, तो माणूस अजून खाली. आईला बाबांचा नंबर स्वतःच्या वाढदिवसापेक्षा पक्का पाठ होता. २१४.

मग २०२२ आलं.

मी तोवर पुण्यात परतले होते. फेब्रुवारीत युद्ध सुरू झालं आणि मी बातम्यांमध्ये कीव्ह सोडून बॅरेंट्सबर्ग शोधायला लागले. एका वस्तीत, एका खाणावळीत, एका पाळीत रशियन आणि युक्रेनी. कोणाचं गाव कोण उडवतंय हे घरून फोन आला की कळणार, आणि दुसऱ्या दिवशी त्याच माणसाबरोबर खाली उतरायचं. खाली उतरल्यावर तर छत कोसळलं तर तोच तुम्हाला बाहेर ओढणार असतो. काही लोक वस्ती सोडून गेले. माणसं तीनशेच्या आसपास उरली. लाँगइयरब्येनच्या पर्यटनवाल्यांनी रशियन कंपनीशी व्यवहार तोडले. दोन गावांत वर्षानुवर्षं चाललेल्या खेळांच्या मॅची, गाण्याबजावण्याची ये-जा आटली. जूनमध्ये नॉर्वेने निर्बंधांवर बोट ठेवून रशियाला लागून असलेल्या स्टोरस्कोगच्या सीमेवर बॅरेंट्सबर्गला जाणारे कंटेनर अडवले. त्यात यंत्राचे सुटे भाग होते, आणि खाण्याच्या वस्तूही. मॉस्कोत लगेच भाषा सुरू झाली की नॉर्वेशी झालेला २०१० चा समुद्रहद्दीचा करारच मोडीत काढू. शेवटी तोडगा निघाला: सीमेपर्यंत रशियन ट्रक, पुढे नॉर्वेचा. बांधावर अडलेली बैलगाडी कशी सोडवतात, तसंच.

त्या वर्षीच्या जानेवारीत स्वालबार्ड आणि मुख्य भूमी यांना जोडणाऱ्या समुद्राखालच्या दळणवळणाच्या दोन तारांपैकी एकीत बिघाड झाला होता, तेव्हापासून तिकडे खाडीत काही खुट्ट झालं तरी लोक एकमेकांकडे बघतात. ९ मे २०२३ ला बॅरेंट्सबर्गच्या रस्त्यावरून विजयदिनाची मिरवणूक निघाली: ट्रक, ट्रॅक्टर, स्नोमोबाइल, झेंडे, आणि वर हेलिकॉप्टर. लष्कर नाही; या बेटांचा युद्धासाठी वापर करायला कराराने मनाई आहे. खाणकामगारांची वाहनंच लष्करासारखी ओळीत चालवली. मी तो व्हिडिओ बाबांना दाखवला. त्यांना ट्रॅक्टरचं काही नव्हतं. ते स्क्रीन जवळ घेऊन चालवणाऱ्यांचे डोळे शोधत होते.

सातवाल्यानेही हात बांधून ठेवले नाहीत. २०२२ मध्ये नॉर्वेने नियम बदलला: मुख्य भूमीवर तीन वर्षं न राहिलेल्या परदेशी माणसाला लाँगइयरब्येनच्या पंचायतीत मत नाही. तिथे कित्येक वर्षं भांडी घासणारे, बर्फ उपसणारे थायलंड-फिलिपिन्सचे लोक एका दिवसात यादीबाहेर गेले. २०२४ मध्ये खासगी मालकीची उरलेली एक जमीन विकायला निघाली, ६० चौरस किलोमीटर, मागणी ३० कोटी युरोची. नॉर्वे सरकारने सांगून टाकलं की आमच्या परवानगीशिवाय व्यवहार होणार नाही. धास्ती चिनी गिऱ्हाइकाची. त्या जमिनीवर काय पिकतं? बर्फ.

मला याची कोणा एकाची बाजू घेऊन चीड आणता येत नाही. युद्धात कोण चूक आहे याबद्दल मला शंका नाही. पण तो निवाडा त्या खाणावळीत नेऊन बसवता येत नाही. धुऱ्याच्या भांडणात काका चूक की चुलत घर चूक, हे मला आता कळेनासं झालंय, पण दरवर्षी त्या पट्टीत वाकून तूर टाकणारा गडी मला आठवतो. त्याला रोज मिळायचा, चहा मिळायचा. डुक्कर अंगावर आलं तेव्हा त्याची मांडी फाटली होती. कोर्टाच्या कागदात त्याचं नाव कुठेच नाही. 'वहिवाट वादीची' एवढंच आहे.

२०२५ च्या जूनअखेर नॉर्वेची तिथली शेवटची कोळसा खाण बंद झाली, सात नंबरची. विजेसाठी कोळसा जाळणं लाँगइयरब्येनने २०२३ मध्येच सोडलं होतं, आता डिझेल जाळतात. शंभरावर वर्षांनंतर त्या बेटांवर कोळसा काढणारं एकच ठिकाण उरलं, बॅरेंट्सबर्ग.

बाबा आता चौऱ्याहत्तरचे. कानाने कमी ऐकू येतं, त्यामुळे त्यांच्याशी बातम्या ओरडून बोलाव्या लागतात आणि शेजाऱ्यांनाही जग कळतं. मी ओरडून सांगितलं की नॉर्वेची शेवटची खाण बंद झाली. त्यांनी टीव्हीचा आवाज कमी केला.

"शेवटची पाळी वर आली?"

"आली असेल."

"असंन म्हणजे? दिवे मोजले का त्याहीनं?"

मी म्हटलं, मोजले असतील बाबा. त्यांनी मान हलवली, आणि थोड्या वेळाने पुन्हा विचारलं, "अन् थ्या रशियावाल्याहीचे?"